तळघरातून दिसलेली रणनीती

अँडी ग्रोव्ह यांचे 'ओन्ली द पॅरॅनॉइड सर्व्हाइव्ह' १९९६ मध्ये प्रसिद्ध झाले, तेव्हा ते इंटेलचे मुख्य कार्यकारी अधिकारी होते आणि जगातल्या बहुतेक घरगुती व कचेरीतल्या संगणकांत त्यांच्या कंपनीची चिप होती. एक बडी कंपनी बुडता बुडता कशी सावरली, याची ती हकिकत. पाच वर्षांनी, २००१ मध्ये, 'स्विमिंग अक्रॉस' आले. त्यात बुडापेस्टमधली एक आई आपल्या आठ वर्षांच्या मुलाकडून खोटे आडनाव घोकून घेते, कारण ते चुकले तर दोघांचाही जीव जाणार असतो. पहिले पुस्तक दुकानात व्यवस्थापनाच्या फळीवर मिळते, दुसरे आत्मचरित्रांच्या. वाचकांचीही तशीच वाटणी झालेली आहे. व्यवस्थापनाचे विद्यार्थी पहिले वाचतात आणि परीक्षेत वापरतात. युद्धाच्या आठवणी वाचणाऱ्यांना दुसरे ठाऊक असते, पण लेखकाच्या कंपनीशी त्यांना फारसे कर्तव्य नसते.

मराठीत 'स्ट्रॅटेजी'ला आपण रणनीती म्हणतो. शब्दातच रण आहे. व्यवसायावरची असंख्य पुस्तके हे रण सेनापतीच्या तंबूतून पाहतात: नकाशा पसरलेला, सैन्य हाताशी, समोर शत्रू, आणि प्रश्न एवढाच की जिंकायचे कसे. युद्धशास्त्रावर लिहिणाऱ्या सुन त्झु आणि क्लाउझेवित्झ यांची नावे विक्रीच्या बैठकांत घेतली जातात ती त्यामुळेच. ग्रोव्ह यांनी युद्ध पाहिले ते तळघरातून. त्यांच्याकडे सैन्य नव्हते, नकाशा नव्हता. वर कोणाची राजवट आहे, आज कोणते नाव सांगायचे, दार वाजले तर काय बोलायचे, आणि निघायची वेळ झाली आहे का, हे प्रश्न होते. त्यांची व्यवसायावरची पुस्तके इतरांच्या पुस्तकांहून वेगळी वाटतात याचे कारण इथे सापडते. मात्र हे कारण लोक फार घाईने आणि फार ढोबळपणे सांगतात, म्हणून ही पुस्तके एकत्र ठेवून नीट पाहायला हवीत.

पुढे अँडी ग्रोव्ह झालेल्या आंद्राश इश्तवान ग्रोफ याचा जन्म २ सप्टेंबर १९३६ चा, बुडापेस्टचा. घर ज्यू, मध्यमवर्गीय, धर्मकर्मात फार न गुंतलेले. वडील दुग्धव्यवसायात भागीदार होते. लोणी, दही, चीज तयार करून विकत. चार वर्षांचा असताना आंद्राशला, घरच्यांच्या आंद्रिशला, स्कार्लेट फीव्हर झाला. तो मरता मरता वाचला, पण कानाला कायमची इजा झाली. पुढे अनेक वर्षे वर्गात पुढच्या बाकावर बसून, शिक्षकाच्या ओठांकडे पाहून त्याला शिकावे लागले. १९४२ मध्ये वडिलांना बोलावणे आले. हंगेरीत ज्यू पुरुषांना हातात शस्त्र न देता श्रमतुकड्यांत घालून रशियाच्या आघाडीवर पाठवत होते. १९४३ च्या वसंतात ते बेपत्ता झाल्याची खबर आली. घरात उरले आई मारिया आणि तो.

या भागातले लेखन हे ग्रोव्ह यांच्या सगळ्या लेखनातले सर्वांत चांगले आहे. ते मुलाच्या डोळ्यांच्या उंचीवरून लिहिलेले आहे. बागेत खेळताना एक लहान मुलगी त्याला सांगते की येशूला ज्यूंनी मारले, म्हणून सगळ्या ज्यूंना डॅन्यूब नदीत फेकून देणार आहेत. तो रडत आईकडे पळतो. लेखक तिथे भाष्य करत नाही. १९४४-४५ च्या हिवाळ्यात अ‍ॅरो क्रॉस या हंगेरियन फॅसिस्ट पक्षाच्या लोकांनी ज्यूंना खरोखरच डॅन्यूबच्या काठावर उभे करून गोळ्या घातल्या, हे वाचकाला माहीत असते, आणि तेवढे पुरते.

१९ मार्च १९४४ रोजी जर्मन सैन्य हंगेरीत शिरले. १५ मे ते ९ जुलै या आठ आठवड्यांत प्रांतांमधून सुमारे ४ लाख ३७ हजार ज्यूंना गाड्यांत भरून नेले, त्यांतल्या बहुतेकांना ऑशविट्झला. बुडापेस्टच्या ज्यूंवरची पाळी जुलैत थांबली आणि ऑक्टोबरात अ‍ॅरो क्रॉसच्या हाती सत्ता गेल्यावर पुन्हा आली. मारिया यांनी ओळखीच्या, ज्यू नसलेल्या लोकांच्या मदतीने खोटी कागदपत्रे मिळवली. आंद्राश ग्रोफ आता आंद्राश मालेशेविच झाला. नाव पाठ करायचे, गाव पाठ करायचे, इतर मुलांसमोर लघवीलासुद्धा जायचे नाही, कारण सुंता दिसली की कागदांना किंमत राहणार नव्हती. बॉम्बहल्ल्यांच्या वेळी तळघरात इतर बिऱ्हाडांबरोबर बसायचे, आणि तिथेही मालेशेविचच राहायचे.

जानेवारी १९४५ मध्ये रशियन फौजा त्यांच्या भागात आल्या. सुटका झाली, आणि त्याच सुटकेच्या दिवसांत एका रशियन सैनिकाने मारिया यांच्यावर बलात्कार केला. ग्रोव्ह यांनी हे लपवले नाही, रंगवलेही नाही. आईविषयी असे लिहिणे कोणत्याही मुलाला अवघडच, आणि ही पाने वाचताना त्या संयमाची किंमत जाणवते. इतिहासाच्या पुस्तकांत 'मुक्ती' हा एक शब्द असतो. या घरात तिला दोन चेहरे होते.

सप्टेंबर १९४५ मध्ये वडील परतले. इतके खंगलेले, मळलेले, की मुलाने त्यांना ओळखले नाही. या माणसावर आपण प्रेम करायला हवे हे त्याला कळत होते, पण मनात नेमके काय येते आहे ते समजत नव्हते. अशी कबुली देणारे आत्मचरित्रकार थोडे असतात.

वडिलांनी व्यवसाय पुन्हा उभा केला आणि कम्युनिस्ट राजवटीने त्याचे राष्ट्रीयीकरण केले. नात्यातल्या एका माणसाला अटक झाली. त्या नात्यापायी वडिलांची चांगली नोकरी गेली आणि पगार अगदी तुटपुंजा झाला. आंद्रिश तेव्हा तरुणांच्या एका वृत्तपत्रात लिहीत होता. त्याचेही लेख अचानक छापून येईनासे झाले. कारण कोणी सांगितले नाही, सांगायची गरज नव्हती. या वळणावर त्याने जो निर्णय घेतला तो पुढच्या सगळ्या पुस्तकांच्या दृष्टीने मोलाचा आहे. लेख चांगला की वाईट हे वरच्या माणसाच्या मर्जीवर ठरते. रसायनशास्त्रातला प्रयोग बरोबर की चूक हे मर्जीवर ठरत नाही. त्याने पत्रकारिता सोडली आणि रसायनाकडे वळला. मर्जीपेक्षा मोजमापावर विश्वास ठेवणारा जो व्यवस्थापक इंटेलमध्ये दिसला, तो असा घडत होता.

पुस्तकाचे नाव आले आहे भौतिकशास्त्राच्या एका शिक्षकामुळे. पालकसभेत ते म्हणाले होते की आयुष्य एका मोठ्या तळ्यासारखे असते, सगळी मुले एका काठाने उतरतात, सगळी पलीकडे पोचत नाहीत, पण ग्रोफ पोचेल. हेच ते 'पोहून पार जाणे'.

१९५६ च्या ऑक्टोबरात हंगेरीत उठाव झाला आणि नोव्हेंबरात सोव्हिएत रणगाड्यांनी तो चिरडला. जावे की राहावे, घरात कोणाला ठरवता येईना. तेव्हा मावशी मान्सी हिने त्याला बजावले की तू निघ, आणि ताबडतोब निघ. मान्सी ऑशविट्झमधून जिवंत परतलेली होती. डिसेंबरात तो मित्रांबरोबर आगगाडीने पश्चिमेकडे गेला, कुबड असलेल्या एका वाटाड्याच्या मागे रात्री शेतांतून चालला आणि ऑस्ट्रियात पोचला. त्या लोंढ्यात सुमारे दोन लाख हंगेरियन देश सोडून गेले. तो वीस वर्षांचा होता. ७ जानेवारी १९५७ रोजी निर्वासितांना घेऊन निघालेले जुने सैनिकी जहाज ब्रुकलिनला लागले.

हंगेरियन भाषेत 'ग्रोफ' म्हणजे उमराव. अमेरिकेत हे नाव कोणाला नीट उच्चारता येईना, तेव्हा सिटी कॉलेजात शिकताना तो अँड्र्यू ग्रोव्ह झाला. जन्माचे नाव, जीव वाचवणारे नाव, आणि स्वतः निवडलेले नाव. १९६० मध्ये तो रासायनिक अभियांत्रिकीच्या वर्गात पहिला आला आणि 'न्यूयॉर्क टाइम्स'ने त्याची बातमी दिली. १९६३ मध्ये बर्कलीहून पीएच.डी. झाली आणि फेअरचाइल्ड सेमिकंडक्टरमध्ये नोकरी लागली. १९६८ मध्ये रॉबर्ट नॉइस आणि गॉर्डन मूर यांनी इंटेल स्थापन केली, तेव्हा ग्रोव्ह पहिल्या दिवसापासून त्यांच्याबरोबर होते.

आता व्यवस्थापनाची फळी. ग्रोव्ह यांचे पहिले पुस्तक ना युद्धाचे, ना व्यवस्थापनाचे: १९६७ चे अर्धवाहक उपकरणांवरचे पाठ्यपुस्तक, जे विद्यापीठांत बराच काळ वापरात राहिले. पुढच्या पुस्तकांतली मांडणीची शिस्त त्यातलीच आहे. १९८७ चे 'वन-ऑन-वन विथ अँडी ग्रोव्ह' हे वृत्तपत्रातल्या त्यांच्या प्रश्नोत्तरांच्या सदरातून झाले. साहेबाशी कसे वागावे, कामचुकार सहकाऱ्याचे काय करावे, अशा सल्ल्यांचे. ते आज वाचले नाही तरी चालेल. दोन पुस्तके मात्र टिकली.

त्यांतले पहिले १९८३ चे 'हाय आउटपुट मॅनेजमेंट'. ते सुरू होते न्याहारीपासून. तीन मिनिटे उकडलेले अंडे, लोणी लावलेला टोस्ट आणि कॉफी, तिन्ही गरम, एकाच वेळी गिऱ्हाइकापुढे ठेवायचे. सर्वांत जास्त वेळ अंड्याला लागतो, म्हणून सगळी आखणी अंड्यापासून मागे मोजत करायची. गिऱ्हाइके वाढली, टोस्टर एकच आहे, मग काय? एवढ्या साध्या उदाहरणातून ते उत्पादन, तपासणी, साठा, नोकरभरती इथपर्यंत नेतात. दुसरा ठाम मुद्दा असा की व्यवस्थापकाचे काम म्हणजे त्याने स्वतः किती फायली उपसल्या ते नव्हे. त्याच्या हाताखालच्या आणि त्याच्या प्रभावाखालच्या सगळ्यांनी मिळून जे केले ते त्याचे काम. हाताखालच्या माणसाबरोबर ठरावीक वेळी एकट्याने बसून बोलायची जी पद्धत आज पुण्याच्या हिंजवडीपासून बंगळूरपर्यंतच्या कंपन्यांत 'वन-ऑन-वन' या नावाने रुळली आहे, तिचा भक्कम पुरस्कार याच पुस्तकात आहे. उद्दिष्टे आणि त्यांची मोजता येणारी फलिते लिहून काढण्याची इंटेलमधली रीत तिथे काम केलेले गुंतवणूकदार जॉन डोअर यांनी १९९९ मध्ये गुगलमध्ये नेली. ती आज 'ओकेआर' म्हणून ओळखली जाते.

मधल्या फळीतल्या व्यवस्थापकाबद्दल इतक्या आदराने लिहिलेले दुसरे पुस्तक शोधावे लागेल. त्या काळातल्या इंटेलबद्दल दुसरी बाजूही नोंदवायला हवी. सकाळी आठ वाजून पाच मिनिटांनंतर येणाऱ्याला, मग तो कोणीही असो, उशिरा येणाऱ्यांच्या यादीत सही करावी लागे. १९८१ च्या मंदीत कर्मचाऱ्यांना रोज दोन तास जादा काम बिनपगारी करायला सांगितले गेले. अनेकांना ग्रोव्ह यांची भीती वाटे. पुस्तकातला समंजस शिक्षक आणि कंपनीतला कडक साहेब हे एकच गृहस्थ होते.

'ओन्ली द पॅरॅनॉइड सर्व्हाइव्ह'ची सुरुवात होते १९९४ च्या पेंटियम प्रकरणाने. पेंटियमच्या या गोष्टीत महाराष्ट्राचेही दोन धागे आहेत. ही चिप विकसित करणाऱ्या चमूच्या नेतृत्वात असलेले विनोद धाम यांचा जन्म पुण्याचा, आणि त्यांच्या बरोबरीचे अवतार सैनी मुंबईच्या व्हीजेटीआयमधून अभियंते झाले होते. चिप १९९३ मध्ये बाजारात आली. पुढच्या वर्षी थॉमस नाइसली या गणिताच्या प्राध्यापकाला भागाकारात चूक सापडली. इंटेलचे म्हणणे असे की अशी चूक नऊ अब्ज भागाकारांत एकदा होते, साध्या वापरात तर हजारो वर्षांतून एकदा.  लोकांचा संताप त्या आकड्याने शमला नाही. डिसेंबरात आयबीएमने पेंटियमचे संगणक पाठवणे थांबवले, आणि अखेर इंटेलने मागेल त्याला चिप बदलून दिली. खर्च ४७ कोटी ५० लाख डॉलर. ग्रोव्ह यांची मोजमापावरची जी निष्ठा त्यांना बुडापेस्टमध्ये आधार देऊन गेली, तिनेच इथे त्यांना आंधळे केले. हे त्यांनी स्वतःच्या पुस्तकाच्या पहिल्याच पानांत मांडले, ही त्यांच्या प्रामाणिकपणाची मोठी खूण.

त्या पुस्तकातला गाजलेला प्रसंग १९८५ चा. इंटेल तेव्हा मेमरी चिपा बनवणारी कंपनी म्हणून ओळखली जाई आणि जपानी कंपन्या दर्जा व किंमत दोन्हींत पुढे निघाल्या होत्या. ग्रोव्ह आणि मूर खोलीत हताश बसले होते. खिडकीतून दूरवर करमणूक बागेतला मोठा पाळणा फिरताना दिसत होता. ग्रोव्ह यांनी विचारले, आपल्याला काढून नवा प्रमुख आणला, तर तो काय करील? मूर लगेच म्हणाले की तो मेमरीतून बाहेर पडेल. मग ते काम आपणच का करू नये, हा पुढचा प्रश्न. इंटेलने मेमरी सोडली आणि मायक्रोप्रोसेसर धरला. १९८६ मध्ये १७ कोटी ३० लाख डॉलरचा तोटा झाला, त्या दोन-तीन वर्षांत मनुष्यबळ सात हजारांहून अधिकाने घटले, आणि त्यानंतर कंपनीचे सर्वांत भरभराटीचे दशक आले.

या प्रसंगातली क्लृप्ती पाहावी. स्वतःला क्षणभर दुसरा माणूस मानायचे, म्हणजे जुन्या अभिमानाचे ओझे उतरते आणि समोरचे जसेच्या तसे दिसते. ज्याने आठव्या वर्षी महिनोन् महिने दुसऱ्या नावाने जगण्याचा सराव केला, त्याला हे सुचले. हा संबंध ग्रोव्ह यांनी जोडलेला नाही, ही या लेखापुरती मांडणी आहे. पण दोन पुस्तके लागोपाठ वाचली की ती टाळता येत नाही. तीच गोष्ट मावशी मान्सीची. व्यवसायाच्या पुस्तकात ग्रोव्ह सांगतात की संकटाची चाहूल वरच्या मजल्यावर उशिरा लागते; बाजारात हिंडणारा विक्रेता, गिऱ्हाइकाच्या शिव्या खाणारा कनिष्ठ माणूस यांना ती आधी लागते. अशा माणसाला भित्रा म्हणून गप्प बसवू नका. मान्सीला कोणी गप्प बसवले असते, तर हे पुस्तक लिहिलेच गेले नसते.

तरीही 'युद्धात होरपळला, म्हणून संशयी झाला, म्हणून कंपनी वाचवली' हे समीकरण मान्य करता येत नाही. त्या खोलीत मूरही होते, आणि मेमरीतून बाहेर पडायचे हे उत्तर त्यांचेच होते. मूर कॅलिफोर्नियाच्या एका लहान गावात पोलीस अधिकाऱ्याच्या घरी वाढले. स्वभावाने शांत, संथ. नॉइस आयोवातल्या धर्मोपदेशकाचे चिरंजीव. इंटेल या तिघांनी मिळून घडवली. शिवाय 'पॅरॅनॉइड' या शब्दाने घोटाळा केला आहे. आपल्याकडे म्हणतात, दुधाने तोंड पोळले की माणूस ताकही फुंकून पितो. असा माणूस जुन्या भीतीने नव्या गोष्टीला हात लावत नाही. ग्रोव्ह यांचा आग्रह याच्या उलट आहे: भांड्यात दूध आहे की ताक, हे दर वेळी नव्याने तपासा. 'व्यूहात्मक वळणबिंदू' ही त्यांची कल्पना त्यावरच उभी आहे. बाजारातल्या एखाद्या शक्तीचा जोर दसपट वाढला की जुने नियम मोडतात. तो खरा बदल आहे की नुसता गोंगाट, हे ओळखणे हेच नेत्याचे काम.

खुद्द १९८५ च्या प्रसंगाचीही एक तपासणी झालेली आहे. ग्रोव्ह यांच्याबरोबर स्टॅनफर्डमध्ये वर्षानुवर्षे शिकवणारे रॉबर्ट बर्गेलमन यांनी इंटेलच्या कागदपत्रांचा आणि मुलाखतींचा अभ्यास करून 'स्ट्रॅटेजी इज डेस्टिनी' हे पुस्तक २००२ मध्ये लिहिले. त्यातून दिसते ते असे: १९७४ मध्ये डीरॅम मेमरीच्या बाजारात इंटेलचा वाटा जवळजवळ ८३ टक्के होता, १९८४ मध्ये तो १.३ टक्क्यांवर आला होता. कोणत्या कारखान्यात काय काढायचे हे ज्या नियमाने ठरे, त्यानुसार मधल्या फळीतल्या लोकांनी जास्त नफा देणाऱ्या मायक्रोप्रोसेसरकडे उत्पादन आधीच वळवले होते. म्हणजे पाळण्याकडे पाहत दोन साहेबांनी जो निर्णय घेतला, तो कारखान्यात बराचसा होऊन गेला होता. वरच्यांना तो फक्त मान्य करायचा होता. ग्रोव्ह यांनीही आपल्या पुस्तकात मधल्या फळीचे हे श्रेय दिले आहे, पण वाचकांच्या लक्षात खिडकी आणि पाळणाच राहतो. व्यवस्थापनाच्या शिक्षकांनी हा प्रसंग शिकवताना बर्गेलमन यांचे आकडे फळ्यावर लिहायलाच हवेत.

युद्ध आणि व्यवसाय एकाच लेखणीखाली आले, असे लेखक आणखीही आहेत. पीटर ड्रकर यांचा जन्म व्हिएन्नाचा, १९०९ चा. फ्रँकफर्टच्या विद्यापीठात नाझी अधिकाऱ्याने घेतलेली पहिली सभा पाहून त्यांनी जर्मनी सोडायचे ठरवले आणि १९३३ मध्ये ते इंग्लंडला गेले. १९३९ चे 'द एंड ऑफ इकॉनॉमिक मॅन' हे फॅसिझम लोकांना का भुरळ घालतो यावरचे पुस्तक, १९४६ चे 'कन्सेप्ट ऑफ द कॉर्पोरेशन' जनरल मोटर्सवरचे. ड्रकर यांच्या दृष्टीने दुसरे पहिल्याचे उत्तर होते: समाजातल्या संस्था नीट चालल्या नाहीत, तर हुकूमशहा येतो. आजीची आणि व्हिएन्नाची आठवण सांगणारे 'अ‍ॅडव्हेंचर्स ऑफ अ बायस्टँडर' त्यांनी सत्तरीच्या उंबरठ्यावर लिहिले. ते मोठे रसाळ आहे. नावाप्रमाणेच ते काठावरून पाहणाऱ्याचे आहे. ग्रोव्ह पाण्यात होते.

सोनीचे अकिओ मोरिता यांनी दोन्ही गोष्टी एकाच पुस्तकात घातल्या. १९८६ चे 'मेड इन जपान' सुरू होते ऑगस्ट १९४५ मध्ये, नौदलातल्या सहकाऱ्यांबरोबर जेवताना हिरोशिमाची बातमी ऐकण्यापासून. नागोयाजवळ त्यांच्या घराण्याचा पिढ्यान् पिढ्यांचा साकेचा व्यवसाय होता आणि थोरला मुलगा म्हणून तो त्यांनी पुढे चालवायचा होता. सोनी उभारणीतले त्यांचे जोडीदार मासारू इबुका यांना मोरितांच्या वडिलांच्या भेटीला जाऊन, या मुलाला आम्हाला द्या, अशी विनंती करावी लागली. पराभूत देशाची लाज धुऊन काढण्याची जिद्द त्या पुस्तकात ठायी ठायी आहे. हे पुस्तक आले तेच ते दशक, ज्यात जपानी कंपन्यांनी इंटेलला मेमरीतून हुसकावले. दोन्ही बाजूंची ही पुस्तके शेजारी ठेवली की एकाच महायुद्धातून निघालेल्या दोन वाटा सिलिकॉनच्या बाजारात समोरासमोर आलेल्या दिसतात. मोरिता राष्ट्राच्या वतीने बोलतात. ग्रोव्ह यांच्या आठवणींत राष्ट्र हे बहुधा दार ठोठावणारे असते.

ग्रोव्ह यांचे दोन लेख पुस्तकांच्या बरोबरीने वाचण्याजोगे आहेत. १९९५ मध्ये त्यांना प्रोस्टेटचा कर्करोग झाल्याचे निदान झाले. त्यांनी शोधनिबंध वाचले, रक्तचाचण्यांचे आलेख स्वतः काढले, वेगवेगळ्या डॉक्टरांची मते तपासली आणि शस्त्रक्रियेऐवजी किरणोपचारांची एक पद्धत निवडली. मे १९९६ मध्ये 'फॉर्च्यून'च्या मुखपृष्ठावर हे सारे त्यांनी जाहीर केले. बड्या उद्योगपतीने आजार लपवायचा, असा त्या काळचा रिवाज होता.

दुसरा लेख जुलै २०१० चा, 'ब्लूमबर्ग बिझनेसवीक'मधला. अमेरिकी कंपन्यांनी कारखाने परदेशी नेले, नव्या कंपन्या निघतात पण हजारोंना रोजगार देणारे मोठे उत्पादन देशात उभे राहत नाही, आणि याची किंमत समाज मोजणार आहे, असे त्यांनी बजावले. १९३२ मध्ये बेकार माजी सैनिकांना वॉशिंग्टनमधून हाकलायला रणगाडे आणि घोडदळ आणले होते, याची आठवण त्यांनी दिली. आपण हंगेरीतून १९५६ मध्ये पळून आलो आणि दुभंगलेला समाज जवळून पाहिला आहे, हेही सांगितले. त्यांच्या व्यवसायलेखनात बालपण उघडपणे येते ते इथे.

या लेखामुळे आधीच्या पुस्तकातली एक उणीव ठळक होते. 'ओन्ली द पॅरॅनॉइड सर्व्हाइव्ह'मध्ये जुना व्यवसाय सोडून नव्याकडे जाण्याला मृत्यूच्या दरीतून जाण्याची उपमा आहे. ती दरी नेत्याच्या नजरेने रंगवली आहे. त्याची घालमेल, त्याचा निश्चय. नोकरी गेलेली हजारो माणसे त्यात ओझरती येतात. 'स्विमिंग अक्रॉस'च्या लेखकाला, वरून आलेल्या एका निर्णयाने घरातल्या कर्त्या माणसाचे काम गेले की जेवणाच्या टेबलावर काय होते, हे पक्के ठाऊक होते. ते ज्ञान रणनीतीच्या पुस्तकात यायला हवे होते. ते आले २०१० मध्ये, चौदा वर्षे उशिरा, एका नियतकालिकातल्या लेखात. आणि इंटेलने पुढे मोबाइलचा वळणबिंदू चुकवला, याचाही दोष पुस्तकाच्या माथी मारता येत नाही. त्यात सांगितलेली तपासणी दर पिढीने नव्याने करायची असते आणि ग्रोव्ह २००५ मध्ये अध्यक्षपदावरून निवृत्त झाले होते. २१ मार्च २०१६ रोजी, ७९ व्या वर्षी त्यांचे निधन झाले.

ज्यांनी यांतले काहीच वाचलेले नाही त्यांनी 'स्विमिंग अक्रॉस'पासून सुरुवात करावी, मग 'हाय आउटपुट मॅनेजमेंट', आणि शेवटी 'ओन्ली द पॅरॅनॉइड सर्व्हाइव्ह'. प्रसिद्धीच्या वर्षांचा क्रम बाजूला ठेवावा. रिचर्ड टेडलो यांनी २००६ मध्ये लिहिलेले जाडजूड चरित्र त्यानंतर हाती घेतले तर अधिक उलगडेल. 'स्विमिंग अक्रॉस' अमेरिकेतल्या सुरुवातीच्या दिवसांपाशी जवळजवळ थांबते. इंटेलची गोष्ट त्यात नाही. हंगेरीत परत कधी गेलो नाही, असे ग्रोव्ह त्यात नोंदवतात. १९५७ मध्ये न्यूयॉर्कला उतरलेल्या त्या निर्वासित मुलाला इंटरनॅशनल रेस्क्यू कमिटीने मदत केली होती. 'स्विमिंग अक्रॉस'चे मानधन त्यांनी त्याच संस्थेला देऊन टाकले.